मुलाकडची

विहिणीइतका सोपा प्राणी जगात नाही, असं माझी आई म्हणायची. लग्नाच्या दिवशी तिला साडी नेसवायची, पाय धुवायचे, पंगतीत आग्रह करायचा, रुसलीच तर समजूत काढायची आणि संध्याकाळी गाडीत बसवून द्यायची, की मग दिवाळी-दसऱ्याला फोन केला तरी भागतं. माझ्या आईला माझ्या विहीणबाई भेटायला हव्या होत्या. आमच्या घरचं लग्न होऊन इतकी वर्षं झाली, नातू शाळेत जायला लागला, तरी या बाईंची वरात अजून माझ्या दारातून हललेली नाही.

लग्नात त्यांनी काहीच घेतलं नाही. साडी परत केली. मी ताट-तांब्या घेऊन पाय धुवायला बसले, तर पाय आखडून सरळ मांडीच घातली आणि म्हणाल्या, "ईनबाई, आज ऱ्हाऊ द्या. गर्दी लय हाय. माझा मान बाकी ठेवा, लागंल तसा घेईन." मांडवातली माणसं हसली. आमचे हे तर रात्री म्हणाले, काय साधी बाई मिळाली गं तुला विहीण! मी जन्मभर शाळेत गणित शिकवलं. बाकी ठेवलेली गोष्ट वाढतच जाते, हे दुसऱ्या कुणाला नाही तरी मला कळायला हवं होतं.

त्या नाशिक जिल्ह्यातल्या देवळ्याच्या. व्याह्यांची कांद्याची अडत होती. व्याही गेल्यावर बाईंनी अडत दिराच्या हवाली केली आणि आमच्या जावयानं, जो माझ्या लेकीसकट बंगळूरला असतो, नाशकात आमच्याच बिल्डिंगमध्ये आमच्या डोक्यावरचा फ्लॅट घेतला. मला म्हणाला, "म्हणजे आईला सोबत होईल." कोणाच्या आईला, ते त्यानं स्पष्ट केलं नाही. त्या दिवसापासून तो बाकी राहिलेला मान रोज थोडा थोडा वसूल व्हायला लागला. सकाळी अजून उजाडलेलं नसतं आणि दारावरची बेल वाजते. "ईनबाई, चला गंगेवर, फिरून येऊ." (आम्ही नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो.) मी म्हणते, "अहो, माझा गुडघा." त्यावर त्यांचं एकच उत्तर ठरलेलं असतं, कमरेवर हात, मान जराशी तिरकी आणि: "मुलाकडची हाय मी." झालं! मला पिठलं करायचं असतं, त्यांना थालीपीठ हवं असतं: मुलाकडची हाय मी. गच्चीवर माझ्या कुरडया वाळत असतात, त्यांना तिथं कांदा पसरायचा असतो: मुलाकडची हाय मी. एकदा सीबीएस बसस्टँडवर कंडक्टरशी त्यांचं वाजलं, तेव्हा सवयीनं त्यालाही म्हणाल्या, "मुलाकडची हाय मी!" आणि त्या बिचाऱ्यानं घाबरून आम्हा दोघींना पुढची सीट करून दिली. कोणत्या मुलाकडची, हे विचारायचं धैर्य त्याच्यातही नव्हतं.

बरं, घरातून आधार मिळावा तर तोही नाही. आमचे हे त्यांच्या बाजूचे. का, तर त्या वरून वाटीभर ठेचा पाठवतात. नवरा वाटीभर ठेच्याला विकला जातो हे मला साठीनंतर समजलं.

आणि वयाचं काही भान? सत्तरी उलटली, गुडघ्यात माझ्यापेक्षा जास्त कटकट, पण सोसायटीच्या गणपतीत लहान मुलांची संगीत खुर्ची चालली होती तर ह्या पदर खोचून उतरल्या. मुलं हरली, कारण बाई शेवटपर्यंत धावत नव्हत्या, नुसत्या चालत होत्या आणि कोपरानं वाट करत होत्या. शेवटी एक खुर्ची आणि दोन जण उरले. गाणं थांबलं, पोरगी चपळ, ती बसली. बाईंनी इकडं-तिकडं पाहिलं आणि बाजूला पाहुणे म्हणून बसलेल्या आमच्या चेअरमनसाहेबांच्या मांडीवर जाऊन बसल्या. "चेअरमन म्हंजे खुर्चीच की! धरा माझा नंबर." अख्खी सोसायटी हसून लोळली. चेअरमनसाहेबांना उठता येईना आणि मला तोंड लपवायला जागा मिळेना, कारण सगळे माझ्याकडं बघून म्हणत होते, "तुमच्या विहीणबाई ना?" दुसऱ्या दिवशी बाईंनी माझ्यासाठी म्हणून एक आवाजी मेसेज केला, "ईनबाई, त्या चेअरमनची मांडी लय टोचती हो, मानसानं जरा खावं-प्यावं," आणि तो चुकून सोसायटीच्या ग्रुपवर टाकला. त्यांना टाइप करणं जमत नाही. सगळं बोलूनच पाठवतात, मागं मिक्सर चालू ठेवून.

पण हे सगळं मी सोसलं असतं. माझा खरा जीव घेतला तो त्यांच्या पाहुण्यांनी. देवळा आणि कळवणकडच्या कुणालाही नाशकात मोठ्या डॉक्टरला दाखवायचं असलं, की तो पहिल्यांदा आमच्या बिल्डिंगमध्ये येतो. नात्यातला असो, गावचा असो, नाहीतर एसटीत ओळख झालेला असो. लिफ्टचं दार उघडावं तर आत एक्स-रेचं पाकीट छातीशी धरलेले कुणीतरी आजोबा उभे, बरोबर बाजरीची पिशवी. बाई त्यांना रात्रीचं ठेवून घेतात, सकाळी रिक्षानं घेऊन जातात, रिसेप्शनवरच्या मुलीशी भांडून नंबर पुढं घेतात आणि कागद इंग्रजीत असले की बेल माझी वाजते. "तुमाला वाचता येतं, चला. मुलाकडची..." पुढचं मी ऐकतही नाही, चपला घालते. एकदा मी वैतागून म्हटलं, "अहो, त्यांना त्यांची मुलं आहेत, सुना आहेत. तुम्ही कशाला लष्कराच्या भाकऱ्या भाजताय?" तर म्हणाल्या, "ईनबाई, दवाखान्यात मानूस रोगाला नाय घाबरत. लिफ्टला घाबरतं. त्या सरकत्या काचेच्या दाराला घाबरतं. कोनीतरी संगं हसनारं लागतं, बस." आणि हसवतातही! कळवणच्या एका शेतकऱ्याचं मुतखड्याचं ऑपरेशन होतं. माणूस पांढराफटक पडलेला. बाई डॉक्टरांना म्हणाल्या, "साहेब, खडा निघाला की आमालाच द्या. ह्यांच्या बायकोच्या आंगठीत बसवू. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा नवऱ्यानं घरचा खडा दिला म्हनून सांगंल ती." तो माणूस स्ट्रेचरवर हसत हसत आत गेला. मी मात्र बाहेर डॉक्टरांची माफी मागत उभी.

आता मी हे सगळं कुणाला सांगणार? लेकीला. दर रविवारी फोनवर माझा पाढा सुरू व्हायचा. ती हसायची, पण जावई शेजारी बसून गंभीरपणे ऐकायचा. त्याचं गेल्या काही वर्षांपासून एकच चाललं होतं, की आईनं आता बंगळूरला यावं, वरचा फ्लॅट विकून टाकावा. बाई हसण्यावारी न्यायच्या. तेव्हा त्यानं एक अट घातली होती. "आई," तो मला म्हणाला होता, "तुम्ही जोवर म्हणताय की ती नीट आहे, तोवर मी काही बोलत नाही. ज्या दिवशी तुम्ही म्हणाल की आता झेपत नाही, त्या दिवशी मी येऊन घेऊन जाईन." म्हणजे बाईंचं नाशकातलं राहणं माझ्या एका शब्दावर होतं. हे त्यांनाही माहीत होतं. पण कधी त्यांनी त्याचा उल्लेख केला नाही, की माझ्याशी जपून वागल्या नाहीत. उलट ठेचा आणखी तिखट व्हायला लागला.

आणि मग आली रंगपंचमी.

बाहेरच्यांना माहीत नसतं म्हणून सांगते. आमच्या जुन्या नाशकात काही चौकांत रस्त्याच्या पोटात पेशवाईतले दगडी हौद आहेत. त्यांना रहाड म्हणतात. वर्षभर त्यांच्यावर लाकडं आणि माती टाकून ते बुजवलेले असतात. वरून रिक्षा जातात, भाजीवाल्या बसतात. रंगपंचमीला रहाड उघडतात, रंगाचं पाणी भरतात, पूजा करतात आणि मग माणसं आत उड्या घेतात. त्या उडीला धप्पा म्हणतात. माझं माहेर अशाच एका रहाडीच्या समोर. लहानपणी मी खिडकीतून कितीतरी धप्पे पाहिले. बायकांनी खिडकीतूनच पाहायचं अशी रीत होती आणि मला ती पसंत होती. पोहता न येणाऱ्या माणसाला बऱ्याच रीती पसंत असतात.

त्या वर्षी माझी भावजय फोनवर सहज म्हणाली, की गल्लीतल्या पोरांनी यंदा बायकांसाठी दुपारी वेगळा वेळ ठेवलाय. नेमक्या विहीणबाई समोर बसून माझे शेंगदाणे खात होत्या. खायच्या थांबल्या. "ईनबाई, खोल असतं का हो ते?" मी म्हटलं, "खूप खोल असतं. आणि पाणी घाण असतं. आणि आपल्या वयाच्या बायका जात नाहीत." तर ऐकल्या न ऐकल्यासारखं करून म्हणाल्या, "आमच्या मळ्यात लय मोठी विहीर व्हती. भावांच्या आधी मी काठावरनं मुटका मारायची. बाप म्हनायचा, ही पोरगी नाय, बेडकी शे." मग शेंगदाण्यांची सालं फुंकत म्हणाल्या, "मंग लगीन झालं, आन् पानी हंड्यापुरतं उरलं." त्यांच्या तोंडून कसलीही तक्रार मी पहिल्यांदा ऐकली, आणि तीही तक्रार म्हणून नाही, हिशेब सांगावा तशी. पण मी विरघळणारी नव्हते. म्हटलं, "अहो, सत्तरी ओलांडलीत तुम्ही!" "म्हनून तर," त्या म्हणाल्या, "ऐंशीला कोन उतरू देनार हाय?" मी पुन्हा तोंड उघडलं, तर कमरेवर हात गेलाच. मान तिरकी झालीच.

साडीत पोहता येत नाही म्हणून आमच्या ह्यांनी आपली राखाडी ट्रॅक पँट काढून दिली. म्हणजे कपाटातून. वर जावयाचा जुना शर्ट. त्या वेशात बाई रिक्षातून उतरल्या तेव्हा माझ्या माहेरच्या गल्लीत, जिथं मी आजही डोक्यावर पदर घेऊन जाते, तिथं मला धरणीमाय पोटात घेईल तर बरं असं झालं. मी फक्त काठावर उभी राहणार होते. त्यांचा चष्मा, बांगड्या, पर्स, चपला सगळं माझ्या हातात. बाई काठाशी गेल्या, केशरी पाण्याला वाकून नमस्कार केला, पँट वर ओढली आणि तिथली मुलं "आजी, हळू, आजी..." म्हणेपर्यंत घेतला धप्पा! असा धप्पा, की समोरच्या ओट्यावरच्या बायका न्हाल्या. टाळ्या, शिट्ट्या, ढोल. मी डोळ्यांतला रंग पुसला आणि पाण्याकडं पाहिलं. बाई नव्हत्या. पाणी वर-खाली होत होतं आणि बाई वर येत नव्हत्या. "विहीणबाई!" म्हणून मी वाकले. काठ ओला होता हे मला नंतर कळलं. आधी कळली ती पाण्याची चव.

पुढचं मला तुटक आठवतं. कुणीतरी माझा अंबाडा धरला आणि कानाशी ओरडलं, "ईनबाई, हात-पाय हलवा! मुलाकडची सांगती, हलवा!" आणि काय सांगू, मी हलवले. दोघींना वर काढलं. मी खोकत, रडत, संतापत विचारलं, "वर का येत नव्हतात?" तर बाई नाकातलं पाणी काढत म्हणाल्या, "तळ बघत व्हते. अजून दम धरता येतो का म्हनून." डोळे असे चमकत होते, की मला एक ठेवून द्यावीशी वाटली आणि गळ्यातही पडावंसं वाटलं. हातात त्यांच्या चपला तेवढ्या घट्ट धरलेल्या होत्या. बाकी सगळं पोरांनी काढून दिलं, चष्मा रहाडीनं ठेवून घेतला.

घरी पोहोचेपर्यंत व्हिडिओ बंगळूरला पोहोचला होता. कुण्या कार्ट्यानं काढला होता कोण जाणे. त्यात बाईंचा धप्पा होता, आणि मग रिकामं पाणी होतं, आणि तिथंच तो संपत होता. फोन घरी राहिलेल्या माझ्या मोबाइलवर आला. जावई धास्तावला होता, आणि त्याचंही बरोबरच होतं, आई होती त्याची. "आई, आता बास. तुम्हीच सांगता ना दर रविवारी, ती ऐकत नाही, कुठंही जाते, कुणालाही घरी ठेवते. उद्या काही झालं तर? तुम्ही फक्त हो म्हणा. मी उद्याच येतो, तिला घेऊन जातो आणि फ्लॅटचंही बघून टाकतो."

बाई माझ्यासमोर स्टुलावर बसल्या होत्या. केस केशरी, कान केशरी, पाय मुरगळून सुजलेला, वर त्यांच्या घरात कळवणची एक बाई दुसऱ्या दिवशीच्या तपासणीसाठी येऊन बसलेली. स्पीकरवर सगळं ऐकू येत होतं. मी वाट बघत होते, की आता कमरेवर हात जाईल. गेला नाही. मुलापुढं मुलाकडची असून काय उपयोग? चष्मा नव्हता म्हणून डोळे बारीक करून नुसत्या माझ्याकडं बघत होत्या. इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्यांनी माझ्याकडं काही मागितलं, आणि तेही तोंडानं नाही.

एक "हो" म्हटलं असतं तर माझी सकाळची झोप परत मिळाली असती. गच्ची मिळाली असती. नवरासुद्धा परत मिळाला असता.

"त्यांना काय बोलता?" मी म्हटलं. "मी नेलं त्यांना. त्या नको नको म्हणत होत्या. माझं माहेर आहे तिथं, माझी लहानपणापासूनची इच्छा होती. मीही उडी मारली."

मग मागून माझ्या लेकीचा किंचाळल्यासारखा आवाज आला, "आई, तू?" "हो, मी. तुमच्या त्या व्हिडिओवाल्यानं पुढचं काढलं नसेल तर मी काय करू? आणि विहीणबाई अगदी ठणठणीत आहेत. त्यांनी मला वर काढलं." आपल्याकडं सासूला रागवायची सोय जावयाला नाही. बिचारा दोन-तीनदा "अहो पण... आई, पण तुम्ही..." असं म्हणाला आणि शेवटी "बरं, गरम पाण्यानं अंघोळ करा दोघी" म्हणून त्यानं फोन ठेवला.

बाई उठल्या. लंगडत माझ्या स्वयंपाकघरात गेल्या, परवानगी न घेता माझं मोठं पातेलं काढलं, पाणी तापवलं आणि ताट घेऊन माझ्या पायाशी येऊन बसल्या. मी म्हटलं, "अहो, हे काय, उठा, पाय सुजलाय तुमचा!" त्यांनी माझा पाय ताटात ओढून घेतला आणि रंग घासायला लागल्या. "गप बसा," म्हणाल्या. "आजपासून तुमी मुलाकडच्या. मी मुलीकडची." रंग काही निघत नव्हता. मला रडू आलं. त्यांनाही आलं असावं, पण त्या म्हणाल्या, "ईनबाई, तुमच्या टाचा किती हो फुटल्यात, जरा तूप लावत जा," आणि मी पुन्हा चिडले.

तेव्हापासून बेल वाजायची ती जरा उजाडल्यावर. कमरेवर हात जायचा आणि अर्ध्या वाटेवरून परत यायचा. "ऱ्हायलं," म्हणायच्या, "आता तुमचं राज्य." आणि मला त्या राज्याचं काय करावं तेच समजलं नाही. थालीपीठच करत राहिले.

गेल्या पावसाळ्यात बंगळूरला नातवाला सांभाळणारी बाई सोडून गेली. आमच्या ह्यांच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालेलं, मला निघता येईना. विहीणबाई गेल्या, थोड्या दिवसांसाठी म्हणून. दसरा झाला, दिवाळी झाली, संक्रांतही गेली. वरच्या घरात कुणी चालत नाही. गच्ची सगळी माझी आहे आणि कुरडया घालायची इच्छा होत नाही. पण बेल वाजतेच. दारात एक्स-रेचं पाकीट धरून कुणीतरी उभं असतं. "बाई हायेत का? नायेत? मंग आता कसं करायचं?" मी कपाळाला हात लावते आणि चपला घालते. परवा लिफ्टमध्ये सायखेड्याचे एक आजोबा माझा दंड धरून थरथरत होते. मला काही बाईंसारखे विनोद येत नाहीत. मी त्यांना चेअरमनसाहेबांच्या मांडीची गोष्ट सांगितली.

घरी आल्यावर मोबाइल हातात घेतला. टाइप करायला लागले, पुसलं, आणि मग बटण दाबून बोलले, "विहीणबाई, मी मुलाकडची बोलतेय. माझा मान राहिलाय. रंगपंचमीच्या आत या."

बराच वेळ काही आलं नाही. आमचे हे म्हणाले, "नातवाला सोडून कशाला येतील गं त्या." मग एक आवाजी मेसेज आला. मागं मिक्सर चालू होता, नातू कशासाठी तरी ओरडत होता. बाईंनी घसा साफ केला आणि म्हणाल्या, "ईनबाई, ती ट्रॅक पँट धुऊन ठेवा."

तिकिटाचं काही म्हणाल्या नाहीत. मी कपाटातून पँट काढली, पुन्हा एकदा धुतली आणि गच्चीवर वाळत घातली. तिचा केशरी रंग अजून गेलेला नाही.